ओळ तीनशे चाळीस

कोणतं पुस्तक घेऊ, विचारतेस ना मारेत,
तर आधी बूट झटक, आत ये,
दार ओढून घे. बाहेर उणे एकतीस आहे.

संगणकाची पुस्तकं मागच्या चाकाच्या वर,
शिवणकाम आणि मासेमारीच्या मधे.
तिथं गाडी सगळ्यात जास्त उसळते,
म्हणून जाडजूड तेवढी तिथं ठेवलीत. वर्गीकरण वगैरे नंतर.

हे फोर्ट्रानचं. ताउनो जाताना देऊन गेला.
केमीच्या कागद गिरणीत रात्रपाळीला तो यंत्रापाशी असायचा.
म्हणायचा, वरच्या जंगलातले पाइन नदीनं खाली गेले
आणि भोकं पाडून घेऊन परत आले.
त्यातलं एक कार्ड अजून आत आहे, खूण म्हणून, पान बावन्न.
त्याच्या पुढे तो गेला नसावा.
डावीकडे सहा घरं मोकळी सोडायची, एवढं मला शिकवलंन्
आणि मी अजून किराण्याची यादी तशीच लिहिते.

हे कोबोलचं. वाक्य संपलं की पूर्णविराम.
एक टिंब राहिलं तर अख्ख्या गिरणीचे पगार अडतात,
असं ताउनोची बायको सांगायची.
तिला एका जूनमध्ये मिळाला नव्हता.

पास्कलचं फार नीटनेटकं आहे.
कोणी नेत नाही.

आणि हे बेसिकचं. पाठ मोडलेली, दोनदा मीच शिवलीय
जाळ्याच्या दोऱ्यानं.
त्र्याऐंशी साली आलं तेव्हा या रस्त्यावरच्या अकरा थांब्यांवर
एकही संगणक नव्हता,
पण पुस्तकासाठी नंबर लावलेले होते.
पोरं वहीत चौकटी आखायची, चौकटीला नाव द्यायची,
आत पेन्सिलीनं आकडा.
खोडायचा, पुढचा लिहायचा, खोडायचा.
मांडीवर रबराचा चुरा सांडला
की समजायचं, प्रोग्राम चालला.

पान चौऱ्याऐंशी काढ. घरखर्चाचा हिशेब.
ओळ तीनशे चाळीस: तीसवर जा.
गेलं तीसवर, आलं खाली, पुन्हा तीसवर,
आमची ही गाडीसुद्धा कधी ना कधी गॅरेजला जाते.

समासात बघ. बारीक, भित्रं अक्षर:
हे सुटत नाही.
त्याखाली तिरकं, घाईतलं:
छपाईची चूक. एकशे तीस हवं.
त्याखाली पान फाटेस्तोवर दाबून:
तरी सुटत नाही. आधी एकशे दहा नीट वाच, गाढवा.

गाढव म्हणजे अस्लाक. ओउलूला असतो हल्ली, फोनच्या पोटातलं काही करतो.
म्हणणारी त्याची बहीण.
पहिलं भित्रं अक्षर कोणाचं, ते मला माहीत आहे,
सांगणार नाही.
पुस्तकात लिहायचं नाही, हा नियम दारावरच आहे
आणि माझ्या खणात रबर होतं.

नव्वद साली सुधारलेली आवृत्ती मागवली.
पोरं न्यायची, उतरवायची, उत्तर बरोबर यायचं,
परत आणून द्यायची.
समासात एक डाग नाही.
एका मार्काला विकून टाकली.

तुझ्याकडचं यंत्र विचारलं की आपणच लिहून देतं म्हणतेस.
देऊ दे.
हे ने. पंधरा दिवस.
पंधरा दिवसांनी मी नुओर्गामहून वळून परत इथंच येते,
एक्केचाळीस वर्षं.

*

पंधराचे एकोणतीस केलेस. असो.
शिक्का मारण्याआधी सवयीनं चौऱ्याऐंशी उघडलं.
तिघांच्या खाली, निळं, गोल अक्षर:
पण सुटायलाच कशाला हवं?

पेनानं, कार्टे. पेनानं लिहिलंस.

मी खिडकीबाहेर बघत बसले थोडा वेळ.
तेनोवरचा बर्फ, त्यावर कोणाच्या तरी स्लेजच्या दोन रेघा,
पलीकडे नॉर्वे.

साठ सेंट दंड. ठेव त्या बशीत.
आणि काय? पुढचं कोणतं घेऊ?

तर आधी बूट झटक.